पक्षाला पक्षाचाच शब्द ऐकवणारी दिग्दर्शिका

बिन्का झेल्याझ्कोवा यांनी तीस वर्षांच्या कारकिर्दीत नऊ चित्रपट केले आणि त्यांतले चार बल्गेरियाच्या सरकारने अडवून ठेवले. 1957 मध्ये पूर्ण झालेला त्यांचा पहिला चित्रपट लोकांना बघायला मिळाला तो 1988 मध्ये, दिग्दर्शिका पासष्टीला आल्यावर. बल्गेरियात कथापट दिग्दर्शित करणारी पहिली स्त्री म्हणून चित्रपटाच्या इतिहासात त्यांच्या नावे एक ओळ असते. ती ओळ खरी असली तरी तिच्यावर थांबलं की मुख्य गोष्ट निसटते. कम्युनिस्ट राजवटीने ज्यांचे चित्रपट बासनात गुंडाळले, त्या बिन्का स्वतः कम्युनिस्ट होत्या. तरुणपणी जीव धोक्यात घालून त्यांनी त्या विचाराचं काम केलं होतं आणि तो विचार त्यांनी पुढेही टाकून दिला नाही. हे पुस्तक मी लिहिलं ते या एका गोष्टीसाठी. सत्तेला विरोधकाचं भय वाटतं हे आपण जाणतो. पण सत्तेने दिलेला शब्द ज्याने मनापासून खरा मानला, असा आपलाच माणूस तिला किती जड जातो, ते या बाईंच्या आयुष्यात जितकं स्पष्ट दिसतं तितकं मला दुसऱ्या कुठल्या चित्रपटकाराच्या आयुष्यात दिसलेलं नाही.

पूर्व युरोपचा सिनेमा मराठी रसिकाला अगदीच अनोळखी नाही. फिल्म सोसायट्यांच्या चळवळीमुळे पोलंडचे आंद्रेई वायदा, हंगेरीचे मिक्लोश यांचो, चेकोस्लोव्हाकियाचे यिरी मेंझेल ही नावं आपल्याकडे दोन पिढ्या बोलली गेली. चेक दिग्दर्शिका व्हेरा खितिलोवा यांच्या ‘डेझीज’वर आजही चर्चा होते. या यादीत बल्गेरिया जवळपास नाहीच. देश लहान, भाषा बाहेर फारशी कुणाला न येणारी, आणि 1956 चं बुडापेस्ट किंवा 1968 चं प्राग यांसारखं जगाने दखल घ्यावी असं बंड तिथे झालं नाही. बल्गेरिया म्हणजे सोव्हिएत युनियनचा सर्वांत आज्ञाधारक मित्र, अशी त्याची ओळख बनली. आज्ञाधारक देशात सांगण्यासारखा सिनेमा कसा असेल, असं जगाने गृहीत धरलं. प्रत्यक्षात चांगले चित्रपट तिथे बनत होते, पण ते बघायला मिळत नव्हते.

बिन्का यांचा जन्म 15 जुलै 1923 चा, स्विलेनग्रादचा. मारित्सा नदीवरचं हे गाव बल्गेरिया, तुर्कस्तान आणि ग्रीस या तीन देशांच्या सीमा जिथे भिडतात तिथे आहे. गावात 1529 मध्ये बांधलेला उस्मानी काळचा दगडी पूल अजून उभा आहे. बाल्कन युद्धापर्यंत हे गाव उस्मानी साम्राज्यात होतं, म्हणजे बिन्का यांच्या जन्माच्या जेमतेम दहा वर्षं आधीपर्यंत. मार्च 1941 मध्ये राजा बोरिस तिसरा यांच्या बल्गेरियाने जर्मनीशी करार केला आणि जर्मन फौजा देशात आल्या. त्या वर्षी बिन्का सतरा-अठरा वर्षांच्या होत्या. डाव्या विचारांच्या तरुणांच्या भूमिगत संघटनेत त्या काम करू लागल्या. पकडलं गेलेल्यांना छळ आणि तुरुंग होता, कित्येकांना फाशी होती. 9 सप्टेंबर 1944 ला सत्ता पालटली, लाल सैन्य आलं आणि कालपर्यंत लपतछपत वावरणारी ही मुलं एका रात्रीत विजेत्यांच्या बाजूला आली.

बिन्का यांच्या सिनेमाचा उगम मला याच ठिकाणी दिसतो. वयाच्या विशीत ज्यांनी आपले सोबती मरताना पाहिले, त्यांच्यापुढे पुढचं सगळं आयुष्य एकच प्रश्न असतो: ज्यासाठी ते गेले, ते आलं का? बहुतेक लोक चरितार्थात, पदांमध्ये, नाहीतर दुःखात हा प्रश्न हळूहळू विसरतात. बिन्का यांना तो विसरता आला नाही. सोफियाच्या नाट्य अकादमीत त्यांनी दिग्दर्शनाचं शिक्षण घेतलं, बोयानाच्या सरकारी स्टुडिओत सहायक म्हणून उमेदवारी केली, आणि कॅमेरा हातात आल्यावर पहिल्याच चित्रपटात हा प्रश्न थेट विचारला.

तो विचारताना त्या एकट्या नव्हत्या. पती ख्रिस्तो गानेव्ह हे पटकथाकार होते. तेही प्रतिकार चळवळीतले, पुढे मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत शिकलेले. बिन्का यांच्या बहुतेक महत्त्वाच्या चित्रपटांच्या पटकथा गानेव्ह यांनी लिहिल्या. नवरा-बायकोने मिळून केलेल्या कामात श्रेय कुणाचं किती, या चौकशीत मी पडलेलो नाही. एवढं मात्र दिसतं की गानेव्ह यांचं लेखन वादाचं, विचाराचं आहे आणि बिन्का यांनी त्याला शरीर दिलं. ‘शेवटचा शब्द’ या चित्रपटाची पटकथा त्यांनी एकटीने लिहिली. तो चित्रपट इतरांच्या शेजारी ठेवून पाहिला की लेखिका म्हणून त्यांचा पिंड कळतो. तिथे वाद कमी आहे, आणि चेहरे, हात, भिंती, श्वास यांवर भर जास्त आहे.

त्या काळच्या बल्गेरियात चित्रपट कसा बनत असे, हे इथेच सांगायला हवं. 1948 मध्ये चित्रपट उद्योगाचं राष्ट्रीयीकरण झालं. स्टुडिओ, कच्ची फिल्म, थिएटर, वितरण सगळं सरकारचं. पटकथा कलाविषयक समितीपुढे जाई. तिथून मंजूर झाली की पैसा मिळे, चित्रीकरण होई आणि तयार चित्रपट पुन्हा समितीपुढे येई. म्हणजे बिन्का यांच्या अडवलेल्या प्रत्येक चित्रपटाला आधी कुणीतरी सरकारी शिक्का मारून परवानगी दिली होती आणि त्यावर सरकारचाच पैसा लागला होता. कागदावर जे निरुपद्रवी वाटलं, ते पडद्यावर आल्यावर घाबरवणारं ठरे. पटकथा वाचून चित्रपट कळत नाही याचा इतका ठोस पुरावा मला दुसरा माहीत नाही. आणि बंदी म्हणजे प्रत जाळून टाकणं नव्हे. प्रत सांभाळून ठेवली जाई, फक्त दाखवली जात नसे. त्यासाठी लेखी हुकमाचीही गरज नसे. थिएटरही सरकारचंच असल्यावर चित्रपट न लावणं पुरेसं होतं.

पहिला चित्रपट ‘आयुष्य शांतपणे वाहत आहे’. हा बिन्का आणि गानेव्ह यांनी मिळून दिग्दर्शित केला. जंगलात एकत्र लढलेले जुने सोबती क्रांतीनंतर दहा-बारा वर्षांनी कसे आहेत, याची ही गोष्ट. त्यांचा म्होरक्या आता मोठा अधिकारी झाला आहे. त्याला घर आहे, मान आहे, आणि सोबत्यांकडे बघायची एक नवी नजरही आली आहे. जे मागे राहिले त्यांना तो ओळखू येत नाही. या कथेत कुणी परकीय हेर नाही की वर्गशत्रू नाही. जे बिघडलं ते आतूनच बिघडलं, आणि बिघडवणारा माणूस खलनायकही नाही, तो नुसता सुखावला आहे.

1956 च्या एप्रिलमध्ये बल्गेरियन पक्षाच्या बैठकीत स्टालिनकाळातल्या चुकांची कबुली दिली गेली होती आणि तोदोर झिव्कोव्ह यांचं नेतृत्व पक्कं झालं होतं. लेखक-कलावंतांना वाटलं, आता मोकळं बोलता येईल. पण त्याच वर्षाच्या शेवटी हंगेरीत रणगाडे शिरले आणि सगळ्या पूर्व युरोपात सत्ताधाऱ्यांनी लगाम आवळले. बिन्का यांचा चित्रपट नेमका या दोहोंच्या मधे सापडला. पक्षाच्या वरच्या पातळीवरून त्याचा निषेध झाला आणि तो कपाटात गेला. बाई तेव्हा चौतीस वर्षांच्या होत्या. या वयात पहिलाच चित्रपट असा पुरला गेला असता अनेकांनी दिशा बदलली असती. बिन्का यांनी विषयही बदलला नाही, फक्त काळ मागे नेला.

‘आणि आम्ही तरुण होतो’ हा 1961 चा चित्रपट युद्धकाळातल्या सोफियातल्या भूमिगत तरुणांचा आहे. विषय सरकारला प्रिय असाच. फासिस्टांविरुद्ध लढलेल्या वीरांवर तिथे दर वर्षी चित्रपट निघत. त्यांत पोलादी छातीचे तरुण मरताना घोषणा देत. बिन्का यांची मुलं घोषणा देत नाहीत. ती घाबरतात, चुकतात, एकमेकांवर संशय घेतात आणि नको त्या वेळी प्रेमात पडतात. दिमो आणि वेस्का या दोघांना काम एकत्र करायचं आहे, पण नाव-गाव सांगायचं नाही, जवळ यायचं नाही, असा भूमिगत जीवनाचा नियम आहे. विमानहल्ल्यांच्या भीतीने शहर अंधारलेलं. त्या अंधारात दोघांच्या हातातल्या टॉर्चचे दोन उजेडगोल जमिनीवर एकमेकांचा पाठलाग करतात, निसटतात, भेटतात. माणसं दिसतही नाहीत. दोन प्रकाशाची वर्तुळं खेळतात आणि तेवढ्यात आपल्याला त्या दोघांबद्दल सगळं कळतं. छायालेखक वासिल खोलिओल्चेव्ह यांनी अंधाराचे इतके थर या चित्रपटात टिपले आहेत की काळा रंग एकच असतो हा आपला समज जातो.

याच चित्रपटात चाकाच्या खुर्चीत बसलेली त्स्वेता नावाची मुलगी आहे. ती लढ्यात नाही, लढ्याच्या काठावर आहे. प्रचारकी चित्रपटाला अशी मुलगी अडचणीची वाटली असती, कारण तिचा उपयोग काय? बिन्का यांना मात्र तिची गरज आहे. जे लढले त्यांच्याइतकंच, जे नुसते जगू पाहत होते त्यांचंही मोल या चित्रपटात धरलेलं आहे. शेवट शोकान्त आहे. पण मृत्यूला इथे वैभव दिलेलं नाही; किती कोवळी माणसं गेली याची बोच फक्त उरते. 1961 च्या मॉस्को महोत्सवात या चित्रपटाला सुवर्ण पारितोषिक मिळालं. खुद्द मॉस्कोने गौरवल्यावर सोफियाला काही बोलता येणं शक्य नव्हतं. माझ्या मते हा बिन्का यांचा सर्वांत निर्दोष चित्रपट आहे. सर्वांत मोठा मात्र याच्या पुढचा.

‘बांधलेला फुगा’ 1967 चा. मूळ कथा आणि पटकथा योर्दान रादिच्कोव्ह यांची. रादिच्कोव्ह 1929 मध्ये वायव्य बल्गेरियातल्या कालिमानित्सा नावाच्या खेड्यात जन्मले. ते खेडं पुढे ओगोस्ता नदीवरच्या धरणाच्या पाण्याखाली गेलं. गाव बुडालं तरी त्यांच्या गोष्टींमधून ते हललं नाही: हट्टी, बडबडे, संशयी आणि विलक्षण कल्पनाशक्तीचे शेतकरी, त्यांची गाढवं, त्यांची बर्फाळ रानं. धरणात गाव गेलेल्या माणसाचं लेखन म्हणजे काय, हे महाराष्ट्रातल्या कोयनेच्या किंवा उजनीच्या काठच्या वाचकाला वेगळं सांगायला नको.

युद्धात शहरांचं रक्षण करायला आकाशात मोठे फुगे सोडत. पोलादी तारांनी ते जमिनीला बांधलेले असत, म्हणजे शत्रूची विमानं खाली उतरू शकत नसत. 1943-44 च्या हिवाळ्यात सोफियावर दोस्त राष्ट्रांनी बॉम्बहल्ले केले, तेव्हाचा हा काळ. असाच एक फुगा तार तुटून भरकटतो आणि चेर्कास्की नावाच्या खेड्यावर येतो. गावकऱ्यांनी असं काही कधी पाहिलेलं नाही. आधी भीती, मग कुतूहल, मग हाव. एवढं कापड, त्यातून किती सदरे निघतील! बंदुका आणि दोऱ्या घेऊन सारा गाव फुग्यामागे डोंगर-ओढे तुडवत निघतो. शेजारच्या गावालाही तो हवा असतो. आणि पाठलाग करता करता या माणसांना काहीतरी होतं. ज्यांनी आयुष्यभर जमिनीकडे पाहिलं ते वर बघू लागतात. फुगा कापड उरत नाही. मग शस्त्रधारी शिपाई येतात आणि पुढे जे व्हायचं ते होतं.

या चित्रपटाची ताकद त्याच्या अर्थात नाही, त्याच्या गर्दीत आहे. गेओर्गी कालोयान्चेव्ह, गेओर्गी पार्त्सालेव्ह, ग्रिगोर वाच्कोव्ह, कोन्स्तान्तिन कोत्सेव्ह असे बल्गेरियाचे त्या काळातले मोठमोठे विनोदी नट इथे एकत्र आहेत, आणि तरी एकही जण नायक नाही. सगळे मिळून एक प्राणी आहे. तो धावतो, धापा टाकतो, भांडतो, विसरतो. संवाद अर्धे मनातले, अर्धे ओठांवरचे. सिमेओन पिरोन्कोव्ह यांचं संगीत या गर्दीला कधी जत्रेचा तर कधी प्रेतयात्रेचा ताल देतं. विनोद सारखा आहे, पण गावकऱ्यांची थट्टा एका जागीही नाही. खेडुताला पडद्यावर एकतर भाबडा नाहीतर पुढारलेला शेतकरी म्हणून उभं करण्याची सवय सगळ्याच देशांतल्या सिनेमाला असते. बिन्का यांनी त्याला स्वप्न बघणारा, आणि स्वप्न हाती लागताना गोंधळणारा माणूस म्हणून उभं केलं.

अधिकाऱ्यांना यात काय दिसलं असेल ते ओळखायला फार हुशारी लागत नाही. लोकांना आकाशाची एक गोष्ट दिसते आणि बंदूकधारी येऊन ती संपवतात. हे सगळं युद्धकाळातल्या जुन्या राजवटीत घडतं, असं सांगण्याची सोय होती. पण चित्रपटगृहात बसलेल्या माणसाला कुठल्या राजवटीची आठवण येईल याची खात्री देता येत नव्हती. चित्रपट माँट्रियलच्या ‘एक्स्पो 67’ प्रदर्शनात दाखवला गेला, पण मायदेशी पडद्यावरून उतरवला गेला. खुद्द झिव्कोव्ह यांना तो खपला नाही. त्यानंतर सहा वर्षं बिन्का यांचा एकही चित्रपट आला नाही. दिग्दर्शकाच्या चौरेचाळीस ते पन्नास या वयातली सहा वर्षं म्हणजे हाताशी आलेली सगळी तयारी वापरायची वर्षं. ती अशी गेली.

मधल्या काळात घरावर आणखी एक संकट आलं. 1970 मध्ये सोव्हिएत राजवटीचे टीकाकार असलेले लेखक अलेक्सांद्र सोल्झेनित्सिन यांना नोबेल जाहीर झालं आणि बल्गेरियन लेखक संघाने त्याचा निषेध करायचं ठरवलं. मोजक्या लेखकांनी निषेधाला साथ द्यायला नकार दिला. त्यांत कवी वालेरी पेत्रोव्ह होते आणि ख्रिस्तो गानेव्हही होते. पक्षाने त्यांना काढून टाकलं. ज्या पक्षासाठी तरुणपणी बंदूक हाती घेतली त्याच पक्षाने दार लावलं. या घरात तेव्हा काय बोललं गेलं असेल याची कल्पना करण्याचा मोह मी टाळला आहे. जे बोलायचं ते त्यांनी चित्रपटांत बोलून ठेवलं आहे.

‘शेवटचा शब्द’ 1973 चा. फाशीची शिक्षा झालेल्या सहा स्त्रिया, एक कोठडी. शिक्षिका आहे, विद्यार्थिनी आहे, एकीचं तान्हं मूल तुरुंगातच जन्मलेलं आहे. मरण ठरलेलं, फक्त दिवस ठरलेला नाही. चित्रपट 1974 च्या कान महोत्सवात मुख्य स्पर्धेत होता. त्स्वेताना मानेवा, दोरोतेया तोन्चेवा, लेदा तासेवा अशा अभिनेत्रींचं काम यात आहे. सगळ्या कोठडीचं मिळून एकच शरीर झाल्यासारखं वाटतं, इतकं ते एकमेकींत मिसळलेलं आहे. काही ठिकाणी प्रतीकं फार जड झाली आहेत. बिन्का यांच्या सिनेमाचा हा दोष मी झाकून ठेवणार नाही. जिथे चेहरा पुरेसा असतो तिथे त्या कधी कधी चित्रचौकट सजवतात. पण मूल आणि मृत्यू एका खोलीत ठेवून त्यांनी जे साधलं ते विसरता येत नाही.

या चित्रपटाच्या शेजारी 1981-82 चे त्यांचे दोन माहितीपट ठेवावेत, ‘अंगाई’ आणि ‘गोष्टींची उजळ आणि काळी बाजू’. स्लिव्हेन शहरात बल्गेरियातला स्त्रियांचा तुरुंग आहे. तिथल्या कैदी बायकांशी, तिथे वाढणाऱ्या मुलांच्या आयांशी बिन्का कॅमेरा घेऊन बोलल्या. पुन्हा तुरुंग, पुन्हा आई, पुन्हा मूल. फरक इतकाच की आधीच्या चित्रपटातली कोठडी शत्रूची होती आणि ही आपली. पहिल्या कोठडीला सरकारने कानला पाठवलं, दुसरीला कपाटात टाकलं. 1989 नंतरच हे माहितीपट लोकांपुढे आले. समाजवादी देशात बाई गुन्हेगार का होते, तिला आधी कुणी एकटं सोडलं, हे त्या बायकांच्या तोंडून ऐकायची तयारी सत्तेकडे नव्हती. बिन्का यांनी मात्र दोन्ही कोठड्यांमधल्या बायकांकडे एकाच नजरेने पाहिलं. त्यांच्या निष्ठेचा अर्थ समजून घ्यायचा तर या तीन चित्रपटांतून तो जितका कळतो तितका कुठल्याही भाषणातून कळणार नाही.

मधल्या दोन चित्रपटांबद्दल पुस्तकात स्वतंत्र प्रकरणं आहेत, म्हणून इथे थोडक्यात. ‘जलतरण तलाव’ 1977 चा. एके काळी लढ्यात असलेला मध्यमवयीन वास्तुशिल्पी आपोस्तोल, लोकांच्या खोड्या काढणारा कलावंत बुफो आणि शाळा नुकतीच संपलेली बेला. जुन्या पिढीने नव्या पिढीला काय दिलं याचा हिशोब तिघांत होतो. मॉस्कोत याला रौप्य पारितोषिक मिळालं. ‘रात्रीचं मोठं स्नान’ 1980 चा, 1981 मध्ये कानच्या ‘अँ सर्तें रिगार’ विभागात दाखवला गेलेला. काळ्या समुद्राच्या काठी सुट्टीला जमलेली, खाऊन-पिऊन सुखी, कंटाळलेली मंडळी एक प्राचीन थ्रेसियन खेळ खेळतात. दगडावर उभं राहायचं, गळ्यात दोर, हातात सुरी. दगड पायाखालून काढला की दोर कापून वाचायचं. ज्याला जमत नाही तो मरतो. हा खेळ प्राचीन ग्रीक ग्रंथकारांनी नोंदवलेला आहे. चित्रपट लांबलेला आहे आणि पहिला तासभर त्याचा सूर सापडत नाही. पण ज्या समाजात कशासाठीच जीव द्यायची वेळ येत नाही तिथे माणसं करमणुकीसाठी जीव पणाला लावतात, हे त्याचं निदान आज अधिकच खरं वाटतं.

सगळे चित्रपट एकामागोमाग पाहिल्यावर एक धागा माझ्या लक्षात आला, आणि पुस्तकाची रचना मी त्याच्यावरच केली. यांत सतत कुणी ना कुणी खेळतं. अंधारातला टॉर्चचा खेळ, फुग्याचा पाठलाग, बुफोच्या खोड्या, गळ्यातल्या दोराचा खेळ. प्रत्येक खेळ माणसांना काही क्षण मोकळं करतो आणि प्रत्येक खेळाच्या टोकाला मृत्यू उभा असतो. 1961 मध्ये खेळ निरागस आहे आणि मृत्यू बाहेरून येतो. 1980 पर्यंत येता येता खेळच मृत्यू झालेला आहे. एका पिढीच्या आशेचा हा आलेख आहे, आणि तो बिन्का यांनी ठरवून काढलेला नसावा. म्हणून मी त्यावर अधिक विश्वास ठेवतो.

कपाटात पडलेल्या चित्रपटाचं नुकसान केवळ न दिसण्याचं नसतं, हेही नोंदवायला हवं. 1957 चा चित्रपट 1988 मध्ये दिसला तेव्हा ज्या अधिकाऱ्यांना तो झोंबायला हवा होता ते म्हातारे झाले होते किंवा गेले होते. जे तरुण दिग्दर्शक त्यातून शिकले असते त्यांनी वेगळ्या वाटा धरल्या होत्या. प्रेक्षकाच्या हसण्या-रडण्यातून दिग्दर्शकाला जे कळतं ते बिन्का यांना कळलंच नाही. त्यांच्या अनेक चित्रपटांत पहिल्या चित्रपटाची अधीरता आहे, सगळं आत्ताच सांगून टाकण्याची घाई आहे. ज्याला पुढचा चित्रपट मिळेल की नाही ठाऊक नसतं त्याच्याकडून संयमाची अपेक्षा करणं बरोबर नाही. प्रतीकं जड झाल्याचा दोष मी वर दाखवला, त्याचं मूळ मला इथे सापडतं.

1988 मध्ये ‘रात्री छपरांवर’ हा दूरचित्रवाणीसाठी केलेला त्यांचा शेवटचा चित्रपट. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस चित्रपटक्षेत्रातल्या स्त्रियांच्या संघटनेच्या बल्गेरियन शाखेचं नेतृत्व त्यांच्याकडे आलं. 10 नोव्हेंबर 1989 ला झिव्कोव्ह पायउतार झाले. आता सेन्सॉर नव्हता, बंद चित्रपट बाहेर येत होते. कुणालाही वाटेल की हीच त्यांची वेळ होती. पण त्यानंतर बिन्का यांनी एकही चित्रपट केला नाही. सरकारी पैसा आटला, स्टुडिओ बंद पडत गेले, हे एक कारण. दुसरं मी सांगतो ते माझं मत आहे: त्यांचा सगळा सिनेमा एका दिलेल्या शब्दाशी चाललेला वाद होता. शब्द देणारेच निघून गेल्यावर वाद घालायचा कुणाशी? नव्या बल्गेरियात कम्युनिस्टांना शिव्या घालणं सोपं आणि फायद्याचं होतं. छळ सोसलेल्या कलावंत म्हणून मिरवण्याची संधी त्यांच्यापुढे होती. ती त्यांनी घेतली नाही. एल्का निकोलोवा यांनी त्यांच्यावर केलेल्या माहितीपटाच्या नावातच मौन हा शब्द आहे. 31 जुलै 2011 रोजी सोफियात बिन्का यांचं निधन झालं. ख्रिस्तो गानेव्ह त्यांच्यामागे दहा वर्षं जगले.

त्यांच्याबद्दल आता जे थोडंबहुत लिहिलं जातं त्यात दोन सूर ऐकू येतात. एक त्यांना कम्युनिझमची बळी ठरवतो, दुसरा पडद्यामागे राहिलेली स्त्री-दिग्दर्शिका म्हणून त्यांचा सत्कार करतो. दोन्ही सुरांमागे सद्भावना आहे आणि दोन्हींत बाई लहान होतात. बळी म्हटलं की त्यांची निष्ठा भोळेपणा ठरते. स्त्री म्हणून केलेल्या गौरवात ‘बांधलेला फुगा’सारखा चित्रपट, ज्यात जवळपास सगळे पुरुष आहेत आणि जो त्या काळच्या युरोपातल्या कुठल्याही उत्तम चित्रपटाशेजारी ताठ उभा राहतो, तो एका कोपऱ्यात जातो. सोव्हिएत युनियनमधल्या किरा मुरातोवा आणि लारिसा शेपित्को यांनी तेव्हाच अशाच भिंतींशी टक्कर घेतली. त्यांची नावं आज अभ्यासक्रमांत आहेत. बिन्का यांचं नाव त्यांच्याबरोबरीने घेतलं जायला हवं, आणि ते दयेपोटी नव्हे.

वाचकांना एक विनंती. पुढची प्रकरणं वाचण्याआधी निदान ‘आणि आम्ही तरुण होतो’ आणि ‘बांधलेला फुगा’ हे दोन चित्रपट पाहावेत, शक्य तर याच क्रमाने. कथा आधी ठाऊक असल्याने त्यांचं काही बिघडत नाही, म्हणून मी इथे ती सांगितली आहे. आपल्या गावात फिल्म सोसायटी असेल तर तिच्या चालकांकडे या दोन नावांची मागणी करा. मोठ्या पडद्यावर, माणसांच्या गर्दीत बसून हे चित्रपट बघितले जावेत. बल्गेरियातल्या एका संपूर्ण पिढीला ते तसे बघायला मिळाले नाहीत.